बाबरांच्या घरची गाळणी

तासगावच्या बाबरांच्या घरात माणसं पाच, पण सरकारदरबारी ती पाचही मिळून एकच व्यक्ती होती. ही करामत केली होती घरातल्या सगळ्यात शहाण्या माणसाने, म्हणजे तात्यांनी.

झालं होतं असं. दोन हजार चौतीस साली इंटरनेटसाठी ओळखखातं सक्तीचं झालं आणि शाळेच्या पटांगणात शिबिर लागलं. यंत्राने सांगितलं, उजव्या हाताची पाचही बोटं एकेक करून ठेवा. तात्या म्हणाले, रेशनकार्ड घराला एक, गॅसचं पुस्तक घराला एक, मग खाती पाच कशाला? आणि बोटं पाच, तर आम्हीही पाचच आहोत की! मग अंगठा ठेवला तात्यांनी. शेजारचं बोट त्यांच्या मुलाने, सर्जेरावने. मधलं सूनबाई उज्ज्वलाने, पुढचं लेकीने, म्हणजे मालनने, आणि करंगळी सर्जेरावच्या ईश्वरीने. शिबिरातल्या कारकुनाचं लक्ष जेवणाच्या डब्याकडे होतं. यंत्राने हिरवा दिवा दाखवला आणि तात्यांनी मिशीला पीळ दिला.

मालनने तेव्हाच म्हटलं होतं, "तात्या, हे काहीतरी निस्तरावं लागणार बघा." पण तात्या ऐकतात होय!

मालन बाबर म्हणजे घराच्या पुढच्या सोप्यात मिरची कांडपाचं यंत्र चालवणारी बाई. वय अठ्ठावन्न, आवाज खणखणीत, मनात आलेलं ओठांवर यायला निमिष लागत नसे. लग्न होऊन गेली होती, आठ महिन्यांत परत आली. त्यावर गावाने काय काय बोलून घेतलं, पण हिने दुसऱ्याच महिन्यात यंत्र बसवलं, आणि पुढच्या वर्षी त्याच बोलणाऱ्या बायका मिरच्यांचे डबे घेऊन तिच्या दारात रांगेला. भावाची ईश्वरी झाली ती हिच्याच मांडीवर वाढली. आई-बाप दोघेही नोकरीला, आई टपालखात्यात, बाप बेदाण्याच्या शीतगृहात. पोरीला शिंका येऊ नयेत म्हणून मालन तिला पाठीशी बांधून यंत्रापासून दहा हात लांब उभी राहायची आणि तिथूनच गिऱ्हाइकांवर ओरडायची.

तर एप्रिलातला रविवार. चटणीचा ऐन हंगाम. सकाळचे दहा वाजले होते, यंत्र धडधडत होतं, आणि आतून ईश्वरीची किंकाळी आली.

"आत्याऽऽ! अर्ज उघडत नाहीये!"

मालनने यंत्र बंद केलं आणि हात झटकत आत गेली. कॉम्प्युटरवर एक करडं पान आलं होतं. त्यावर मऊ भाषेत लिहिलं होतं: 'हा पत्ता तुमच्या हिताचा वाटत नाही. थोडी विश्रांती घ्या.'

"विश्रांती घ्या म्हणे! आज शेवटचा दिवस आहे. संध्याकाळी साडेपाचला बंद होतंय," ईश्वरी म्हणाली. चोवीस वर्षांची शिकलेली पोरगी, पण रडायच्या बेताला आली होती. आइसलँडच्या एका विद्यापीठाची शिष्यवृत्ती होती, दोन वर्षांची. जमिनीखालच्या वाफेवर वीज कशी करायची ते शिकायचं. कोकणातल्या गरम पाण्याच्या कुंडांवर तिने पुण्यात काम केलं होतं, त्यावर मुलाखत झाली, निवड जवळजवळ पक्की. अर्ज दोन आठवड्यांपूर्वी निम्मा भरून ठेवलेला; सरांचं पत्र काल रात्री आलं, ते जोडायचं आणि जमा करायचं, एवढंच राहिलेलं.

"शेजारच्या कॉम्प्युटरवरनं भर की."

"अर्ज आपल्या खात्याला बांधलाय, आत्या. खातं जिथे उघडू तिथे गाळणी हजर."

आता ही गाळणी म्हणजे काय, ते सांगायला हवं. कॉम्प्युटरमधले प्रोग्रॅम सगळी कामं स्वतः करत नाहीत. जी कामं सगळ्यांनाच लागतात ती एकदाच लिहून एका फाइलीत ठेवतात, आणि ज्या प्रोग्रॅमला गरज पडेल तो तिच्याकडे जातो. तिला लायब्ररी फाइल म्हणतात. आळीत कांडपाचं यंत्र एकच आणि सगळ्या घरच्या मिरच्या तिथेच, तसंच हे. पत्तागाळणी ही अशीच एक फाइल होती. कुठल्याही प्रोग्रॅमला इंटरनेटवरचा कुठलाही पत्ता उघडायचा झाला, की तो आधी गाळणीपुढे ठेवायचा. ती हो म्हणाली तर पुढे जायचं, नाहीतर करडं पान.

जुन्या गाळण्यांकडे वाईट पत्त्यांची यादी असायची. यादीत सापडला की बंद. पण जुगाराचे पत्ते रोज नवी नावं घेऊन यायला लागले, घरंच्या घरं बसली, आणि यादी धापा टाकत मागे राहिली. म्हणून नव्या गाळणीला यादी दिलीच नाही, कॅमेरा दिला. हृदयाचा ठोका पडला की चेहऱ्याच्या कातडीचा रंग कणभर बदलतो. आपल्याला ते दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतं. त्यावरून नाडी कळते. श्वास कळतो, डोळ्यातलं पाणी कळतं, बोट कुठे घुटमळलं तेही कळतं. कुठल्या पत्त्यावर गेलं की या माणसाचं काय होतं, ते गाळणी टिपून ठेवायची, आणि जो पत्ता वारंवार त्रास देऊन जाई तो हळूच बंद करायची. चेहरा ओळखायला मात्र तिला कायद्याने बंदी होती. खात्यावर जो बसेल तो खातेदार. गाळणी बंद करता यायची, पण अर्ज दिल्यावर तीस दिवसांनी, कारण जुगारी माणूस पेटला की पहिल्यांदा गाळणीच उपटून टाकतो. नवं खातं काढायलाही महिना.

थोडक्यात, बाबरांच्या गाळणीच्या दृष्टीने तासगावात एक विचित्र इसम राहत होता. तो सकाळी कुस्त्या बघे, दुपारी बेदाण्याचे भाव विचारी, संध्याकाळी स्वेटरचे नमुने शोधी, आणि मध्येच जमिनीखालच्या वाफेवर प्रबंध वाची. कुस्तीत त्याची नाडी एवढी उसळे, की पहिल्याच महिन्यात गाळणीने तात्यांच्या कुस्त्या बंद केल्या. तेव्हापासून तात्या रुसून कॉम्प्युटरकडे पाठ करून बसत.

"तात्यांचंच काम आहे हे," मालन गरजली. "तात्या! तुम्ही हिच्या अर्जावर जाऊन काय केलंत?"

तात्या बाहेरच्या खाटेवरून म्हणाले, "मी कशाला जाऊ त्या बर्फात? मला तिथं कुस्ती हाय का?"

"मग दादाने केलं असणार. त्याच्या मनात पोरीने जवळच राहावं असं आहेच."

सर्जेराव आंघोळ करून आला होता, डोकं पुसायचं थांबवून म्हणाला, "मालन, मीच तिच्या पासपोर्टला हेलपाटे घातलेत. माझ्यावर काय येतेस!" उज्ज्वलावहिनींनी तर नुसते हात जोडले.

करड्या पानाच्या खाली बारीक अक्षरात 'कारण' असा शब्द होता. ईश्वरीने तो दाबला. गाळणीने सांगितलं: या पत्त्यावर तुम्ही गेल्या चौदा दिवसांत अकरा वेळा गेलात. अकराही वेळा नाडी वाढली, श्वास जड झाला, डोळ्यांत पाणी आलं. शेजारी वेळा दिल्या होत्या. दुपारी दोन वाजून पाच. दोन वाजून बारा. अडीच. सगळ्या दुपारच्या, सगळ्या कामाच्या दिवशीच्या.

दुपारी दोनला कांडप जेवायला बंद असतं. सर्जेराव शीतगृहात, उज्ज्वला टपालात, ईश्वरी अभ्यासिकेत, तात्या घोरत असतात. घरात जागं एकच माणूस. सगळ्यांनी हळूच मालनकडे बघितलं.

"मी नुसती बघत होते," मालन म्हणाली. आवाज पहिल्यांदाच खाली आला होता. "पोरगी जाणार कुठे, झाड तरी आहे का तिथे, एवढंच. अकरा वेळा? असेल बाई."

मग एकदम तिच्या लक्षात आलं आणि तिने कपाळावर हात मारला. "अगं बया! मिरची! कांडपावरनं उठून तशीच येऊन बसायची की मी. डोळ्यांतनं पाणी, नाकातनं पाणी, छाती भरलेली. ह्या खुळ्याला वाटलं मी रडतेय!"

घरात असा हशा पिकला, की विचारू नका. ईश्वरी तर खुर्चीवर आडवी झाली. अख्खा गुन्हा ब्याडगी मिरचीच्या माथी गेला आणि मालनचा जीव भांड्यात पडला. गाळणीत एक सोय होतीच: दिवसातून तीनच वेळा 'पुन्हा पाहू' असं म्हणून समोर शांत बसायचं, ती पुन्हा मोजते, आणि मापं ठीक निघाली तर वाट सोडते. मालनने साबणाने तीनदा तोंड धुतलं, धुतलेलं पातळ नेसली, यंत्राला कुलूप घातलं, अर्धा तास परसात वारं खाल्लं आणि ऐटीत येऊन बसली. "मोज रे बाबा आता," ती कॅमेऱ्याला म्हणाली.

पडद्याच्या कोपऱ्यात अर्जाचं चित्र पुसट आलं. पांढरं रान, एक रस्ता, आणि रस्त्यावर कुणीच नाही. गाळणीने मालनचे दहा श्वास मोजले. मग करडं पान: 'हा पत्ता तुमच्या हिताचा वाटत नाही.'

मालनने पुन्हा दाबलं. पुन्हा तेच. तिसऱ्यांदाही तेच. तिन्ही संधी संपल्या, आणि आता तर मिरचीही नव्हती. घरात कुणी हसलं नाही.

"ईशू," मालन शेवटी म्हणाली, "खोटं कशाला बोलू? तू जाऊ नयेस असं मला वाटतं. पहिल्या दिवसापासून वाटतं. तुला चांगलं म्हणाले, पेढे वाटले, ते सगळं खरंच होतं. पण दुपारी एकटी बसले की त्या रस्त्यावर तू दिसायचीस, आणि रडू यायचं."

ईश्वरीने तिचा हात धरला. "मग नाही जात मी. इथे पण काम मिळेल मला. पुण्यात..."

"गप गं! मी काय म्हणतेय आणि तू काय ऐकतेयस?" मालन उसळली. तिला राग आला होता, पोरीचा नाही, त्या करड्या पानाचा. "मला रडू येतं म्हणजे मला नको आहे, असं ह्या मेल्याला कुणी सांगितलं? ज्याने हे बनवलं त्याच्या घरात कधी लग्नं झाली नव्हती काय? पाठवणी बघितली होती का त्याने कधी? पाठवणीला सगळा मांडव रडतो. म्हणून कुणी नवरी ठेवून घेतो होय घरात?"

ईश्वरी पुन्हा त्या करड्या पानाकडे वळली. मग हळूच म्हणाली, "आत्या, त्याने खरंच बघितलेली नाही."

"कोणी?"

"गाळणीने. बघ, तिला एवढंच माहीत आहे की हे माणूस जाण्याच्या गोष्टीवर रडलं. रडून पुन्हा तिथेच जाणं हे तिला जुगाऱ्याचं लक्षण वाटतं; मन भरून येणं आणि मग बरं वाटणं, हे तिला कधी मोजायलाच मिळालं नाही. ती शिकते ती आपल्याकडनंच. आपण तिला पाठवण्या दाखवल्या तर? दिवसभर? रडायचं खरं, आणि प्रत्येक वेळी बरं वाटून आपणहून 'पुन्हा' दाबायचं."

"हे चालेल?" सर्जेरावने विचारलं.

"माहीत नाही, पप्पा. दुसरं काही सुचत नाहीये."

बारा वाजले होते. सर्जेरावने घराण्यातल्या लग्नांची चित्रणं कधीची इंटरनेटवर चढवून ठेवली होती. प्रत्येकाचा पत्ता वेगळा, म्हणजे प्रत्येक पत्ता गाळणीपुढून जाणार. पहिली लावली विट्याच्या शोभाची पाठवणी. वहिनींनी पदर डोळ्यांना लावला तो पहिल्याच मिनिटाला. त्यांना जाहिरात बघूनही रडू येतं. "पुन्हा लावा," त्या हुंदक्यातून म्हणाल्या. दुसरी पलूसच्या मेव्हण्याच्या लेकीची. तिथे नवरीपेक्षा नवरीचा भाऊ जास्त रडत होता, आणि तो भाऊ आता फौजदार झाला होता, म्हणून सर्जेराव हसायला लागला आणि हसता हसता त्याच्याही डोळ्यांत पाणी आलं. तिसऱ्या पाठवणीला तात्या खाटेवरून उठून आत आले. चौथीला शेजारच्या काकू वाडगं परत द्यायला आल्या, त्या तिथेच बसल्या. जेवणं तिथेच झाली, आमटी-भात, ताटं मांडीवर. चालता चालता कोण कुणाची मावशी यावरून भांडणही झालं. पाच माणसांचा एक खातेदार दुपारभर मनसोक्त रडत होता.

मधूनमधून ईश्वरी अर्जाचा पत्ता टाकून बघे. चार वाजता करडं पान. साडेचारला करडं पान, पण शब्द बदललेले: 'खात्री नाही. पुन्हा पाहू.'

"थोडंसं राहिलंय," ईश्वरी म्हणाली. "पण आता कुणालाच रडू येईना. सगळं बघून संपलं."

मालनने डोळे पुसून खुर्ची पुढे ओढली. मग म्हणाली, "संपलं नाही. माझं राहिलंय."

मालनच्या लग्नाची कॅसेट सर्जेरावने कुणाला न सांगता इतरांबरोबर चढवली होती, पण आज यादीत मालनला ती दिसली होती. छत्तीस वर्षांत ती कुणी उघडली नव्हती. आठ महिन्यांचा संसार, त्याचं काय बघायचं!

"मालन, नको," सर्जेराव म्हणाला.

"लाव म्हणते ना."

चित्र फिकट होतं, आवाज खरखरीत. मांडव, वाजंत्री, आणि बावीस वर्षांची मालन, हिरव्या चुड्याची, मान खाली घातलेली. शेजारी तिची आई. आईला जाऊन नऊ वर्षं झाली होती, आणि इथे ती चालत होती, बोलत होती, लेकीच्या डोक्यावरचा पदर पुन्हापुन्हा सारखा करत होती. ओटी भरली. गाडी आली. आईने लेकीला मिठी मारली ती सुटेचना. चार बायकांनी सोडवली. मागे मांडवाच्या खांबाला धरून तात्या उभे होते, काळ्याभोर मिशांचे, आणि त्यांचा चेहरा बघवत नव्हता.

मालन रडत होती. तोंडाला पदर न लावता, हुंदके देत, लहान पोरीसारखी. चित्र संपलं तेव्हा तिने स्वतः हात पुढे केला आणि 'पुन्हा' दाबलं. आई पुन्हा आली. पुन्हा पदर सारखा केला. मालन रडता रडता हसली. "बघ की, किती वेळा तो पदर! शेवटी मी हात झटकला होता तिचा."

तात्या खाली मान घालून म्हणाले, "पोरी, त्या वेळी पाठवलं ते चुकलंच माझं. छत्तीस वर्षं मनात हाय."

"नाही तात्या." मालनने नाक पुसलं. "घर चुकलं. पाठवणं चुकलं नव्हतं. आणि मी परत आले तेव्हा तुम्ही दार उघडलंत, हातातली पिशवी घेतलीत, आणि 'का आलीस' म्हणून आजवर विचारलं नाहीत. त्यावरच तर मी उभी आहे." असं म्हणून तिने तिसऱ्यांदा 'पुन्हा' दाबलं.

पाच वाजून दहा मिनिटांनी ईश्वरीने अर्जाचा पत्ता टाकला. गाळणीने नेहमीपेक्षा जास्त वेळ घेतला. मालन समोरच बसली होती, डोळे सुजलेले, गाल ओले, नाडी धावत असणारच. तिने त्या पांढऱ्या रस्त्याकडे बघितलं आणि तिला पुन्हा भरून आलं.

पान उघडलं. करडं नव्हतं. ईश्वरीचं नाव, तिचा फोटो, निम्मा भरलेला अर्ज.

सर्जेरावने अशी आरोळी ठोकली, की शेजारच्या काकूंच्या हातातलं वाडगं पडलं. ईश्वरीने सरांचं पत्र जोडलं, दोन रकाने भरले, वाचून बघितले. पाच वाजून बावीस मिनिटं. खाली 'जमा करा' एवढंच उरलं. तिने मागे वळून आत्याकडे बघितलं, आणि तिचा हात तिथेच थांबला. मालनच्या डोळ्यांतलं पाणी थांबत नव्हतं.

आता काय म्हणावं! दिवसभर खपून यंत्राला वाटेतनं बाजूला केलं, तर पोरगीच आडवी बसली.

"आत्या," ईश्वरी म्हणाली, "तू एवढी रडतेयस. मी नाही जात. खरंच नाही जात."

मालनने तिच्या डोक्याला हळूच टप्पल मारली. "अगं, ते मेलं लोखंडाचं शिकलं, आणि तू माझ्या मांडीवर वाढलेली, तुला नाही कळत? मला रडू येतंय. उद्याही येईल. तू गेल्यावर दुपारी दोन वाजता रोज येईल. आणि तू जावंस, हेही मला मनापासून हवंय. दोन्ही खरं आहे, त्यातलं एक खोडायला लावू नकोस मला. आणि नाहीच जमलं तिथे, तर ये परत. का आलीस म्हणून ह्या घरात कुणी विचारत नाही."

पाच वाजून चोवीस.

"रडू दे मला," मालन म्हणाली, "आणि दाब ते."

ईश्वरीने दाबलं.